स्वप्ननगरीतली बारा मिनिटे

लिंडसे अँडरसनचा जन्म १९२३ सालचा, बंगलोरचा. वडील ब्रिटिश लष्करात अधिकारी. मुलगा रीतसर इंग्लंडला गेला, चेल्टनहॅमच्या निवासी शाळेत आणि मग ऑक्सफर्डमध्ये शिकला. मित्रांबरोबर त्याने 'सीक्वेन्स' नावाचे सिनेमाचे नियतकालिक चालवले. त्यात इतरांच्या चित्रपटांची यथेच्छ धुलाई केली आणि मग स्वतःच कॅमेऱ्यामागे उभा राहिला.

१९५३ साली तो इंग्लंडच्या मार्गेट या समुद्रकाठच्या गावी होता. तिथल्या मूकबधिर मुलांच्या शाळेवर तो गाय ब्रेन्टनबरोबर 'थर्सडेज चिल्ड्रन' हा माहितीपट करत होता. कधीही न ऐकलेला शब्द ही मुले ओठांकडे बघत, मोठ्या कष्टाने घडवतात. रिचर्ड बर्टनचा आवाज लाभलेल्या या चित्रपटाला पुढे ऑस्कर मिळाले.

त्याच गावात 'ड्रीमलँड' नावाची मोठी करमणूकनगरी होती. पाळणे, जुगाराची यंत्रे, खाण्याचे ठेले आणि सुटीच्या दिवशी लोटणारी गर्दी. अँडरसन जॉन फ्लेचर या छायालेखकाला घेऊन तिथे शिरला आणि जेमतेम बारा मिनिटांचा 'ओ ड्रीमलँड' घेऊन बाहेर आला. त्यात निवेदन नाही. खदाखदा हसणारा यांत्रिक पुतळा मात्र आहे, आणि ते हसू संपता संपत नाही. पिंजऱ्यातली जनावरे, छळाचे देखावे दिसतात. त्याच वर्षी अमेरिकेत विजेच्या खुर्चीत देहदंड झालेल्या रोझेनबर्ग दांपत्याच्या मरणाचाही देखावा मांडलेला! लोक तो बघतात आणि पुढे सरकतात. चेहऱ्यावर ना भीती, ना मौज.

हा साहेबी तुच्छताभाव आहे, असा आक्षेप पुढे घेतला गेला. माझ्या मते अँडरसनचा राग गिऱ्हाइकांवर नव्हता, त्यांच्या गळ्यात असला माल मारणाऱ्यांवर होता. तरीही थकल्या-भागल्या काही चेहऱ्यांवर कॅमेरा जरा निर्दयपणे रेंगाळतो, हे नाकारण्यात अर्थ नाही.

चित्रपट डब्यात पडून राहिला. फेब्रुवारी १९५६ मध्ये लंडनच्या नॅशनल फिल्म थिएटरमध्ये 'फ्री सिनेमा' या कार्यक्रमात तो प्रथम दाखवला गेला. पुढच्याच वर्षी अँडरसनने कॉव्हेंट गार्डनच्या भाजी-फुलबाजारावर चित्रपट केला. त्यातले हमाल आणि फुलवाल्या बायका त्याने किती मायेने टिपल्या आहेत! मार्गेटचा कडवटपणा तिथे औषधालाही नाही.

तो उफाळून आला 'इफ...' मध्ये. आपल्याच जुन्या शाळेत चित्रीकरण करून त्याने विद्यार्थ्यांच्या हाती बंदुका दिल्या. १९६९ साली या चित्रपटाला कान महोत्सवाचे सर्वोच्च पारितोषिक मिळाले. ३० ऑगस्ट १९९४ रोजी फ्रान्समध्ये अँडरसनचे निधन झाले. ड्रीमलँड मधल्या काळात बंद पडले होते. २०१५ साली त्याची दारे पुन्हा उघडली.