ख्रिस्तपटाने जागविलेले चित्रमहर्षी : कै. दादासाहेब फाळके

धर्मग्रामाच्या महोत्सवी स्मरणिकेत त्र्यंबकेश्वरच्या एका ब्राह्मण गृहस्थाचे चरित्र कशासाठी, असा प्रश्न आमच्या वाचकांपैकी कित्येकांच्या मनात सहज येईल. त्याचे उत्तर असे की, हिंदुस्थानातील चित्रपटाच्या धंद्याचा पाया ज्या पुरुषाने घातला, त्यास ती प्रेरणा आपल्या प्रभूचे चरित्र पडद्यावर पाहताना झाली. ही गोष्ट आपल्या लोकांत बऱ्याच जणांच्या कानी आहे, परंतु ती अर्धीच सांगितली जाते आणि अर्धी सांगितली म्हणजे तीत नसता अभिमान शिरतो. म्हणून ती पुरी सांगण्याचे आम्ही योजिले आहे.

धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वर येथे झाला. वडील संस्कृताचे व्यासंगी शास्त्री, तेव्हा पुराणांचे ज्ञान घरातच होते. मुलाचा ओढा मात्र चित्रांकडे. १८८५ साली मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत व पुढे बडोद्याच्या कलाभवनात त्यांनी चित्रकला, छायाचित्रण आणि छपाईचे नाना प्रकार हस्तगत केले. जादूचे प्रयोगही शिकून घेतले. गोध्र्यास छायाचित्रांचे दुकान थाटले, तो प्लेगने पहिली पत्नी व मूल हिरावून नेले. मग सरकारी पुराणवस्तू खात्यात नोकरी धरली व स्वदेशीच्या चळवळीच्या दिवसांत ती सोडली. लोणावळ्याच्या बाजूस राजा रविवर्मा यांच्या चित्रांची शिळाछापाची कामे त्यांनी केली, हे विशेष ध्यानात ठेवण्याजोगे आहे. ज्या तसबिरींनी लक्ष्मी-सरस्वतीस गरिबाच्या भिंतीवर आणून बसविले, त्यांच्या छपाईत ह्या गृहस्थाचा हात होता. आपल्या घरांतील येशूच्या पवित्र हृदयाची तसबीरही अशाच छापखान्यांतून आली, हे आपण विसरतो. १९०९ साली यंत्रसामग्रीसाठी ते जर्मनीस जाऊन आले. पण भागीदारांशी पटले नाही आणि छापखाना सुटला.

असे चाळिशीचे, निरुद्योगी झालेले फाळके गिरगावातील अमेरिका-इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये ख्रिस्तचरित्राचा मूकपट पाहावयास गेले. त्यांनी स्वतः हा प्रसंग १९१०च्या नाताळातील म्हणून लिहिला आहे; काही चरित्रकार १९११ सालचा पास्काचा समय सांगतात. गव्हाणीचे दिवस असोत की क्रूसाचे, घडले ते एकच. प्रभूच्या जीवनातील प्रसंग डोळ्यांपुढून सरकत असता ते नकळत टाळ्या वाजवीत होते, आणि त्याच क्षणी त्यांच्या अंतःचक्षूंपुढे श्रीकृष्ण, श्रीराम, गोकुळ आणि अयोध्या उभी राहत होती. घरी येऊन त्यांस चैन पडेना. उसने पैसे घेऊन ते पत्नी सरस्वतीबाईंस तोच खेळ दाखविण्यास घेऊन गेले. ही चित्रे होतात तरी कशी, असे त्या माउलीने विचारले. तेव्हा पतीने सांगितले की, ती सारी करामत आता आपल्या घरीच होईल, मग कळेल.

ह्यावर आपल्यापैकी कोणी म्हणतात की, पाहा, हिंदी चित्रपटाचा जन्म ख्रिस्ताच्या पायांशी झाला. आम्हांस हे बोलणे रुचत नाही. फाळके त्या पडद्यापुढून ख्रिस्ती होऊन उठले नाहीत, उठण्याचे कारणही नव्हते. त्यांनी पाहिले ते असे की, परक्या लोकांनी आपल्या श्रद्धेस डोळ्यांनी दिसेल असे रूप दिले आहे. मग आपल्या लोकांनी आपल्या श्रद्धेस का देऊ नये? त्यांच्या मनात मत्सर नव्हता, उपहासही नव्हता. आणि देण्याघेण्याचा हिशेबच मांडावयाचा तर तो आणखी मागून मांडावा लागेल. साष्टीत राहिलेल्या फादर स्टीफन्स ह्या इंग्रज जेझुइटाने पुराणांची ओवी उसनी घेऊन मराठीत ख्रिस्तपुराण रचिले, ते १६१६ साली छापून निघाले. पुराणाचे रूप घेऊन ख्रिस्त आमच्याकडे आला, आणि सुमारे तीनशे वर्षांनी ख्रिस्ताचे चित्र पाहून पुराणे पडद्यावर गेली. कोणी कोणाचे ऋण फेडिले, हे वाचकांनीच ठरवावे.

पुढील महिने मोठ्या हालांचे गेले. रात्रंदिवस चित्रपट पाहून व प्रयोग करून फाळक्यांची दृष्टी काही काळ गेली. उपचारांनी ती परत आली. विम्याच्या पॉलिसी गहाण टाकून १९१२च्या फेब्रुवारीत ते लंडनला गेले, तेथे सेसिल हेपवर्थ यांच्या चित्रशाळेत काम पाहिले व विल्यमसन कंपनीचा कॅमेरा खरेदी करून परतले. सावकाराची खात्री पटावी म्हणून त्यांनी कुंडीत वाटाणा पेरून त्याचे रोज थोडेथोडे चित्रण केले. महिनाभराची वाढ मिनिटा-दोन मिनिटांत पडद्यावर दिसली आणि कर्ज मिळाले; सरस्वतीबाईंचे दागिनेही त्यासाठी गहाण पडले. मोहरीच्या दाण्याचा दाखला नित्य वाचणाऱ्या आम्हां धर्मगुरूंस ह्या वाटाण्याचे कौतुक वाटल्यावाचून राहत नाही.

‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशन सिनेमात लागला. तारामतीच्या कामास एकही स्त्री मिळेना, म्हणून ग्रँट रोडवरील एका खाणावळीतील आचारी अण्णा साळुंके यांस लुगडे नेसविले. रोहिदास झाला तो फाळक्यांचा मुलगा भालचंद्र. सारी नट-कामगार मंडळी घरातच जेवी. सरस्वतीबाई त्यांचा स्वयंपाक उरकून रात्री अंधाऱ्या खोलीत फिल्मला भोके पाडीत व ती धुवून काढीत. चरित्रकारांनी ह्या बाईंस दोन-चार ओळी दिल्या. आमच्या मते त्यांस निम्मे चरित्र द्यावयास हवे.

१९१७च्या ‘लंकादहन’मध्ये राम पडद्यावर येताच लोक पायांतील वाहाणा काढीत, असे सांगतात. ह्यात हसण्यासारखे काही नाही. आमच्या लहानपणी उपवासकाळात देवळाच्या आवारात धोतराच्या पडद्यावर प्रभूचे दुःखसहन दाखवीत, तेव्हा आमच्या आजीबाई गुडघे टेकीत आणि आम्हां पोरांसही टेकावयास लावीत. फाळक्यांनी मात्र ह्या भाबडेपणाचा गैरफायदा घेतला नाही. १९१९च्या ‘कालियामर्दन’मध्ये कृष्ण झाली होती त्यांची मुलगी मंदाकिनी. चित्रपटाच्या आरंभी तिचा चेहरा नुसत्या मुलीचा म्हणून दाखविला आहे, आणि मग तिचा बाळकृष्ण होतो.

ते नुसते कारागीर नव्हते. १९१७-१८ साली ‘नवयुग’ मासिकात लेख लिहून त्यांनी आपल्या कलेचा व स्वदेशी धंद्याचा विचार मांडिला. व्यवहारात मात्र त्यांचे कोणाशी फार काळ जमले नाही. १९१८ साली मुंबईच्या धनिकांसह काढलेल्या हिंदुस्थान फिल्म कंपनीतून ते लवकरच बाहेर पडून काशीस गेले. तेथे नाटक लिहिले आणि पुन्हा नाशिकास येऊन कामास लागले. बोलपटाचे युग आल्यावर त्यांची पद्धत जुनी ठरली. १९३७चा ‘गंगावतरण’ हा त्यांचा अखेरचा चित्रपट, आणि १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकास त्यांचे देहावसान झाले. १९६९ पासून सरकार त्यांच्या नावे पुरस्कार देत आहे.

त्यांच्या फिल्मचे फार थोडे उरले आहे. आम्ही पुण्यास सेमिनरीत असता ‘हरिश्चंद्रा’ची उरलेली रिळे पाहिली होती. आम्ही सारे झगेवाले विद्यार्थी, भावी उपदेशक, थोड्या कुतूहलाने व थोड्या वडीलकीच्या भावाने बसलो होतो. शेवटी महादेव एकाएकी प्रकट होऊन राजाचा उगारलेला हात थांबवितात, तेव्हा काळोखात कोणीतरी टाळी वाजविली. ती आमच्याच हातून पडली होती, हे येथे कबूल करितो.