पंचांग तपासणारा शाळामास्तर

दौंडच्या फलाटावरील घड्याळ आणि दौंडच्या माथ्यावरील सूर्य यांच्यात सरासरी बत्तीस मिनिटांचे अंतर असते. घड्याळात बारा वाजतात तेव्हा तेथील माध्यान्ह व्हावयाची असते. कारकुनाचा पगार इंग्रजी महिन्याने होतो, घरातील सण तिथीने येतात आणि शिरूरच्या कोरडवाहू रानातली तिफण मृगाकडे डोळे लावून बसते. अशी तीन-चार कालमाने आपण एकाच वेळी निमूटपणे पाळतो. ती कोणी ठरविली आणि ती बरोबर आहेत काय, हे विचारण्याची मात्र आपल्याला सवय नाही. ज्याने हे आयुष्यभर विचारले, तो एक मराठी शाळामास्तर होता. त्याचे नाव शंकर बाळकृष्ण दीक्षित.

दीक्षितांचा जन्म १८५३ साली रत्नागिरी जिल्ह्यातील मुरुड या गावी झाला. पुण्याच्या ट्रेनिंग कॉलेजात त्यांनी अध्यापनाचे शिक्षण घेतले, १८७४ मध्ये मॅट्रिकची परीक्षा दिली, आणि तेथे त्यांचे औपचारिक शिक्षण संपले. पुढे रेवदंडा, ठाणे, बार्शी, धुळे अशा बदल्यांमागून बदल्या घेत ते अखेर पुण्याच्या ट्रेनिंग कॉलेजात आले. वेधशाळा नाही, संशोधनवृत्ती नाही, हाताखाली मदतनीस नाही. शाळा सुटल्यावर उरणारा वेळ आणि गणित, एवढेच त्यांचे भांडवल होते.

या भांडवलावर त्यांनी काय उभे केले, याचे एक उदाहरण पुरे आहे. गुप्त राजांचा संवत् नेमका केव्हा सुरू झाला, यावर विद्वानांत दीडशे वर्षांच्या फरकाचे वाद होते. फ्लीट या इंग्रज अधिकाऱ्याने गुप्तांचे शिलालेख संपादिले, तेव्हा त्यांतील मित्यांचे गणित दीक्षितांनी करून दिले. मध्य प्रदेशातील एरण येथील स्तंभावर गुप्त वर्ष १६५, आषाढ शुद्ध द्वादशी, गुरुवार अशी मिती आहे. संवताचा आरंभ इसवी सन ३१९ च्या सुमारास धरला, तर ही तिथी २१ जून ४८४ रोजी येते, आणि त्या दिवशी गुरुवारच पडतो. एखादा वार योगायोगानेही जुळेल, हे उघड आहे. म्हणून एकामागून एक लेख पडताळावे लागले. १८८८ साली फ्लीटचा ग्रंथ प्रसिद्ध झाला आणि गुप्तकाळाला भक्कम पाया मिळाला.

हे केवळ राजेरजवाड्यांच्या इतिहासापुरते होते, असे समजू नये. १२ मे १८७५ रोजी तेव्हाच्या भीमथडी तालुक्यातील सुपे येथे कर्जबाजारी कुणब्यांनी सावकारांची खते जाळली आणि ते लोण शिरूरपर्यंत पोहोचले. कागदाच्या एका कपट्यावर रयतेची जमीन अवलंबून होती, हा त्या दंग्यांचा अर्थ होय. अशा कागदावरील मितीत तिथी आणि वार जुळत नसेल, तर तो बनावट असल्याचा संशय येतो. पण तो तपासावा कसा? सेवेल यांच्यासह दीक्षितांनी १८९६ मध्ये भारतीय कालगणनेवर जो इंग्रजी ग्रंथ सिद्ध केला, त्यात इसवी सन ३०० ते १९०० पर्यंतची कोष्टके आहेत. तो न्यायालयांनी आणि सरकारी कचेऱ्यांनीही वापरावा, हा त्यामागील हेतू होता. गणित हे दुबळ्याचेही शस्त्र होऊ शकते, ते असे.

पंचांगशोधनात मात्र त्यांच्या पदरी यश आले नाही. सूर्यसिद्धान्ताचे वर्ष ऋतुवर्षापेक्षा सुमारे चोवीस मिनिटांनी मोठे आहे. म्हणजे साठ वर्षांत एक दिवस सरकतो. उत्तरायण २२ डिसेंबरच्या सुमारास सुरू होते आणि आपण संक्रांत १४ जानेवारीच्या आसपास करतो, ती यामुळेच. साडेतीनशे वर्षांपूर्वीचा मृग ऋतुमानाने पाच-सहा दिवस अगोदर येत असे. विसाजी रघुनाथ लेले आणि जनार्दन बाळाजी मोडक यांच्याबरोबर दीक्षितांनी सायन पंचांगाचा पुरस्कार केला. समाजाने तो स्वीकारला नाही. १९५२ साली मेघनाद साहांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली आणि २२ मार्च १९५७ पासून ऋतुवर्षावर आधारलेली राष्ट्रीय दिनदर्शिका अमलात आली. ती अमलात आली, पण अंगवळणी पडली नाही, हेही मान्य केले पाहिजे.

दीक्षितांचा प्रत्येक निष्कर्ष टिकला, असे नाही. शतपथ ब्राह्मणातील कृत्तिकांच्या उल्लेखावरून त्यांनी काढलेला सुमारे पाच हजार वर्षांपूर्वीचा काळ आज अनेक विद्वानांना मान्य नाही. परंतु त्यांनी पुरावा आणि आकडेमोड दोन्ही वाचकापुढे ठेवली. म्हणूनच त्यांना खोडणेही शक्य झाले. शास्त्राची सचोटी याहून वेगळी नसते.

दक्षिणा प्राइझ कमिटीसाठी लिहिलेला त्यांचा भारतीय ज्योतिषशास्त्राचा इतिहास १८९६ मध्ये मराठीत प्रसिद्ध झाला, आणि पुढे तो इतर भाषांना अनुवादावा लागला. १८९८ च्या एप्रिलमध्ये, वयाच्या पंचेचाळिसाव्या वर्षी, त्यांचा अंत झाला.

आज आमच्या तालुक्यांतील शिक्षक जनगणना करतो, निवडणुकीच्या याद्या तपासतो, तक्ते भरतो. त्याच्याकडून संशोधनाची अपेक्षा कोणी करीत नाही, आणि हळूहळू तोही स्वतःकडून ती करीनासा होतो. दीक्षितांची परिस्थिती अनुकूल होती, असे म्हणण्याची सोय नाही. पण म्हणून शिक्षकाचा वेळ फुकट आहे, असे मानण्याचा अधिकारही समाजाला मिळत नाही. शाळा सुटल्यानंतरच्या दोन तासांतून एका मास्तराने गुप्तांचा काळ निश्चित करण्यास हातभार लावला. त्या दोन तासांची किंमत अर्थशास्त्राच्या कोणत्याही कोष्टकात बसणार नाही. ते हिरावून घेताना मात्र आपण ती जरूर मोजावी.