डॉ. भाऊ दाजी लाड

विद्वान् पुरुषाची योग्यता ठरवितांना दोन गोष्टी पाहाव्या लागतात. त्यानें स्वतः काय शोधून काढिलें ही एक. आणि आपल्या मागून येणाऱ्यांस शोध करतां यावा म्हणून कोणतें साधन मागें ठेविलें ही दुसरी. पहिल्या कसोटीस उतरणारे पुरुष पुष्कळ आढळतात. दुसरीसहि उतरणारे फार थोडे. डॉ. भाऊ दाजी लाड हे त्या थोड्यांपैकीं एक होत. त्यांचें चरित्र आम्ही आज आमच्या वाचकांपुढें ठेवीत आहों.

भाऊ दाजींचें मूळ नांव रामकृष्ण विठ्ठल लाड. गोमंतकांतील मांद्रें या गांवीं इ. स. १८२२ मध्यें त्यांचा जन्म झाला. घरची स्थिति गरिबीची होती. वडील मातीच्या बाहुल्या विकून चरितार्थ चालवीत. मुलगा बुद्धिबळें फार उत्तम खेळे. तें पाहून एका इंग्रज गृहस्थानें त्यास इंग्रजी शिकविण्याविषयीं वडिलांचें मन वळविलें, असें सांगतात. मुंबईस येऊन ते एल्फिन्स्टन विद्यालयांत शिकले व पुढें तेथेंच शिक्षक झाले. कच्छ व काठेवाड या प्रांतांतील बालकन्याहत्येच्या दुष्ट चालीवर त्यांनीं लिहिलेल्या निबंधास बक्षीस मिळालें. इ. स. १८४५ मध्यें ग्रांट मेडिकल कॉलेज निघतांच शिक्षकाची नोकरी सोडून ते पुन्हा विद्यार्थी झाले, व १८५१ च्या सुमारास तेथून बाहेर पडलेल्या पहिल्या तुकडीत त्यांची गणना झाली.

वैद्यकीचा धंदा त्यांस चांगला फळला. तथापि गोरगरिबांस ते विनामूल्य औषध देत. जुन्या वैद्यकग्रंथांत सांगितलेल्या औषधींचे गुण खरे कीं खोटे, हें ते प्रत्यक्ष प्रयोगानें पाहत, आणि कडूकवठाच्या बियांचा कुष्ठरोगावर उपयोग करून पाहण्यांत त्यांनीं बरेच श्रम घेतले. लोककार्यांतहि ते मागें नव्हते. १८५२ सालीं निघालेल्या बॉम्बे असोसिएशनचे ते चिटणीस होते. मुलींच्या शिक्षणाचा त्यांनीं हिरिरीनें पुरस्कार केला. आणि १८६२ सालीं करसनदास मुळजी यांच्यावर वैष्णव महाराजांनीं भरलेल्या गाजलेल्या खटल्यांत, बड्या लोकांचा रोष पत्करून, त्यांनीं सत्याची साक्ष दिली.

परंतु त्यांचें नांव विद्वानांच्या मंडळांत राहिलें तें प्राचीन इतिहासाच्या अभ्यासामुळें. रोग्याची प्रकृति दुसऱ्याच्या सांगण्यावरून न ठरवितां स्वतः नाडी पाहून ठरवावी, ही वैद्याची शिस्त. तीच शिस्त भाऊंनीं इतिहासास लाविली. कवींचीं व राजांचीं नांवें दंतकथांत विपुल होतीं. त्यांच्या कालाचा मात्र पत्ता नव्हता. तेव्हां शिलालेख, ताम्रपट, नाणीं व जुन्या पोथ्या यांचीच साक्ष घ्यावयाची, असें त्यांनीं ठरविलें. अजिंठ्याच्या चित्रांची कीर्ति त्या काळीं पसरूं लागली होती. पण तीं लेणीं कोणीं खोदविलीं, याचें उत्तर भिंतीवरील झिजलेल्या अक्षरांत दडलेलें होतें. १८६३ सालीं भाऊंनीं त्या लेखांवर निबंध लिहून सोळाव्या लेण्यांतील वाकाटक राजांचा वृत्तांत विद्वानांपुढें मांडिला. आर्यभटाचा मूळ ग्रंथ नष्ट झाला असावा, असा पुष्कळांचा समज असतां त्यांनीं मलबाराकडून त्याच्या पोथ्या मिळविल्या व त्या ज्योतिर्विदाचा काल निश्चित करण्यास मदत केली.

चाळिसगांवाजवळील पाटणें येथें त्यांस सांपडलेला शिलालेख तर आम्हांस विशेष मननीय वाटतो. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव यानें आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठीं एक मठ स्थापिला व त्यास इ. स. १२०७ च्या सुमारास दान मिळालें, असें त्यांत सांगितलें आहे. ग्रंथ लिहून भागत नाहीं. तो शिकविला जाईल अशी जागाहि लागते, हें आपले पूर्वज जाणून होते.

या कामीं भाऊंस एक अमोल साहाय्यक लाभले. जुनागडचे भगवानलाल इंद्रजी हे तरुणपणींच प्राचीन लिपि वाचावयास शिकले होते. १८६१ च्या सुमारास भाऊंनीं त्यांस मुंबईस आणिलें आणि स्वतःच्या पैशानें लेखांच्या प्रती घेण्यासाठीं दूरदूर, शेवटीं नेपाळापर्यंत, पाठविलें. भाऊंच्या नांवें प्रसिद्ध झालेल्या पुष्कळ निबंधांमागें भगवानलालांचे डोळे व पाय होते, हें विसरतां कामा नये. भगवानलाल पुढें स्वतःच्या विद्वत्तेनें प्रसिद्धीस आले व हॉलंडांतील लायडन विद्यापीठानें त्यांस सन्मानाची पदवी दिली.

आतां भाऊंच्या दुसऱ्या कार्याकडे वळूं. मुंबईंतील जुना पदार्थसंग्रह किल्ल्यांतील बराकींत ठेविला होता. १८५७ च्या धामधुमींत ती जागा लष्करास हवी झाली आणि संग्रहाची वाताहत झाली. तेव्हां संग्रहालयास स्वतःची इमारत हवी, असें मनांत घेऊन जगन्नाथ शंकरशेट, डॉ. बर्डवुड व भाऊ दाजी यांनीं वर्गणीसाठीं खटपट चालविली. भायखळ्यास १८६२ सालीं गव्हर्नर सर बार्टल फ्रीअर यांच्या हस्तें पाया घातला गेला. पण पायावर भिंती चढतात न चढतात तों १८६५ सालीं मुंबईंतील कापसाच्या व शेअरांच्या सट्ट्याचा डोलारा कोसळला. वर्गणीचा ओघ आटला. खुद्द भाऊंचीहि मोठी द्रव्यहानि झाली. अखेर सरकारच्या साहाय्यानें इमारत पुरी होऊन १८७२ सालीं संग्रहालय लोकांस खुलें झालें.

या आपत्तींतहि लोकांचा भाऊंवरील विश्वास ढळला नाहीं. १८६९ व १८७१ या सालीं ते मुंबईचे शेरिफ होते. मात्र शरीरानें त्यांस दगा दिला. शेवटचीं वर्षें पक्षाघातानें पीडित अशीं गेलीं व १८७४ च्या मे महिन्यांत त्यांचा अंत झाला. त्यांनीं जमविलेल्या पोथ्या मुंबईच्या एशियाटिक सोसायटीच्या संग्रहांत गेल्या. त्यांचे विखुरलेले निबंध १८८८ सालीं एकत्र प्रसिद्ध झाले. आणि राणीच्या बागेशेजारील त्या संग्रहालयास १९७५ सालीं त्यांचें नांव देण्यांत आलें.

भाऊंचीं सर्वच मतें टिकलीं नाहींत. राजतरंगिणींतील मातृगुप्त व कालिदास हे एकच, असें अनुमान करून त्यांनीं कवीस सहाव्या शतकांत आणिलें होतें. आज बहुतेक पंडित त्यास गुप्तांच्या काळांत, म्हणजे चौथ्यापांचव्या शतकांत, मानतात. अजिंठ्याच्या लेखाचें त्यांचें वाचनहि पुढें बुह्लर व महामहोपाध्याय मिराशी यांनीं दुरुस्त केलें. पण यानें भाऊंचें थोरपण उणें होत नाहीं, असें आम्हांस वाटतें. आपलें म्हणणें तपासून पाहण्याचीं साधनेंच ज्यानें जगासमोर ठेविलीं, त्याची चूक दुरुस्त होणें हें त्याच्याच कार्याचें फळ होय. चूक झांकून ठेवणाऱ्याच्या मागें केवळ मत उरतें. पुरावा उघडा ठेवणाऱ्याच्या मागें विद्या वाढते.

आमचे विद्यार्थी राणीच्या बागेंत वाघ व हत्ती पाहावयास जातात, आणि शेजारच्या संग्रहालयावरून तसेच पुढें निघून जातात. त्यांनीं एक वेळ आंत शिरावें. मातीच्या बाहुल्या विकणाऱ्या बापाच्या मुलानें, स्वतःची संपत्ति गेली तरी, आपल्या देशाच्या वस्तूंस हक्काचें घर मिळवून देण्यास हातभार लाविला, हें तेथें ध्यानांत आणावें. आणि कोणतीहि गोष्ट खरी मानण्यापूर्वीं स्वतःच्या डोळ्यांनीं पाहण्याची त्याची संवय आपल्या अंगीं बाणवावी. ही संवय लागण्यास द्रव्य लागत नाहीं. धीर मात्र पुष्कळ लागतो.