सात बायकांचा मोर्चा आणि हमीद दलवाई

१८ एप्रिल १९६६. मुंबईत विधानमंडळावर एक मोर्चा आला. मोर्चा म्हटला की माणसांची रीघ, घोषणा, ट्रकभरून आलेले लोक असं डोळ्यासमोर येतं. या मोर्चात बायका होत्या फक्त सात. सातही मुसलमान. तोंडी तलाक बंद करा, नवऱ्याला चार बायकांची मुभा नको, सगळ्या धर्मांच्या बायकांना एकच कायदा लावा, एवढं त्यांचं मागणं होतं. सातांपैकी एक होत्या मेहरुन्निसा दलवाई. मोर्चा काढणारा माणूस म्हणजे त्यांचा नवरा हमीद दलवाई. वय तेव्हा ३३.

सात बायका म्हणजे ग्रामसभेलासुद्धा कोरम होत नाही. पण त्या दिवशी सुरू झालेली गोष्ट पुढे पन्नास वर्षं चालली आणि थेट सुप्रीम कोर्टापर्यंत गेली.

हमीद दलवाईंचा जन्म २९ सप्टेंबर १९३२ चा, रत्नागिरी जिल्ह्यात चिपळूणजवळच्या मिरजोळी गावचा. त्याच वर्षी इकडे धुळ्याच्या तुरुंगात विनोबा गीतेवर प्रवचनं देत होते आणि साने गुरुजी ती उतरवून घेत होते. दलवाईंचा आणि खान्देशचा धागा जुळतो तो याच गुरुजींच्या वाटेने. अमळनेरच्या प्रताप हायस्कूलमध्ये शिकवलेल्या या माणसाने इस्लामी संस्कृतीवरही पुस्तक लिहिलं. गुरुजींचा जीव ज्या राष्ट्र सेवा दलात होता, त्या सेवा दलात दलवाई शाळकरी वयात गेले. कोकणातल्या मुसलमान घरातलं पोर सेवा दलाच्या शाखेवर जातं ही त्या काळात, फाळणीच्या आगेमागे, साधी गोष्ट नव्हती. गावात बोलणारे बोलतच असणार. तिथून ते समाजवादी चळवळीत आले.

पुढे मुंबई. पोटासाठी नोकरी आणि मनासाठी लिखाण. कोकणी मुसलमानांच्या घरातलं, मोहल्ल्यातलं जगणं त्यांनी मराठी कथेत आणलं. ‘लाट’ हा कथासंग्रह १९६१ चा, ‘इंधन’ ही कादंबरी १९६५ ची. बऱ्याच वर्षांनी गावी परतलेला माणूस, आणि डोळ्यांदेखत गावात हिंदू-मुसलमानांत पेटत गेलेलं भांडण, असं त्या कादंबरीत आहे. दंगल बाहेरून कुणी आणून टाकत नाही, सुकं लाकूड गावातच रचलेलं असतं, हे त्यांनी कथेतून दाखवलं. आचार्य अत्र्यांच्या ‘मराठा’ दैनिकात ते बातमीदार होते. कथा-कादंबरीकार म्हणूनच राहिले असते तरी मराठीत त्यांचं नाव राहिलं असतं. पण बातमीदारी करताना जे दिसलं ते कादंबरीत मावणारं नव्हतं.

दिसलं काय? तर नवरा रागाच्या भरात तीन वेळा एक शब्द उच्चारतो आणि संसार संपतो. साक्षीदार नको, कोर्ट नको, कारण नको. बाईने ऐकलं नसलं तरी चालतं, पोस्टाने पत्र आलं तरी चालतं. लग्नात ठरलेली मेहरची रक्कम बहुतेकदा किरकोळ, इद्दतचा तीनेक महिन्यांचा खर्च, आणि मग ती बाई पोरांना घेऊन माहेरच्या ओट्यावर. नवऱ्याला पस्तावा झाला आणि त्याला ती परत हवी झाली, तर आधी तिचं दुसऱ्या पुरुषाशी लग्न आणि त्याच्याकडून तलाक, म्हणजे हलाला.

इथे एक सांगायला हवं. टाकलेल्या बाया खान्देशातल्या कुठल्या गावात नाहीत? सगळ्या जातीधर्मांत आहेत. दोन बायका करणारेही सगळीकडे होते. फरक कायद्याचा होता. हिंदूंना दुसरी बायको करायला मुंबई राज्यात १९४६ मध्ये आणि पुढे १९५५ च्या कायद्याने देशभर बंदी झाली. नवरा कायदा मोडायचा, पण बाईला निदान कोर्टाची पायरी चढता यायची. मुसलमान बाईच्या बाबतीत कायदाच नवऱ्याच्या बाजूने उभा होता. १९३७ चा शरियत कायदा इंग्रजांच्या काळातला, तोच स्वतंत्र भारतात चालू राहिला. राज्यघटनेच्या ४४ व्या कलमात सगळ्यांना समान नागरी कायदा आणण्याचा प्रयत्न सरकारने करावा असं लिहिलं होतं, पण त्याला हात लावायची कुणाची तयारी नव्हती. गंमत म्हणजे शेजारच्या पाकिस्तानने १९६१ मध्ये तलाकची लेखी सूचना देणं आणि समेटासाठी ९० दिवस थांबणं सक्तीचं केलं होतं. ट्युनिशियाने तर १९५६ मध्येच दुसरी बायको करायला बंदी घातली. मुसलमान देश बदल करतात, मग भारतातल्या मुसलमान बाईनेच का थांबायचं, हा दलवाईंचा सरळ सवाल होता.

हा सवाल विचारायला त्यांनी रस्ता निवडला तो लोकशाहीचा. निवेदन, मोर्चा, परिषद, लेख, पुस्तक, सभा. फतवा नाही, मारामारी नाही, कुणा मोठ्या मौलवीची चिठ्ठी नाही. मुसलमानांनी एक गठ्ठा होऊन पुढाऱ्यांमार्फत सरकारशी सौदा करायचा आणि बदल्यात घरातल्या गोष्टींना कुणी हात लावायचा नाही, हे जुनं राजकारण त्यांना मान्य नव्हतं. मुसलमान हा आधी या देशाचा नागरिक आहे, आणि त्याचं रक्षण होईल ते राज्यघटनेने, गठ्ठ्याने नाही, असं ते म्हणत. १९६८ मध्ये त्यांचं इंग्रजी पुस्तक आलं, भारतातल्या मुस्लिम राजकारणावरचं. मराठी लेखांचं भाषांतर करून ते तयार केलं कवी दिलीप चित्रे यांनी. त्या पुस्तकाने त्यांचं नाव देशभर झालं, आणि शत्रूही देशभर झाले.

२२ मार्च १९७० रोजी पुण्यात मुस्लिम सत्यशोधक मंडळाची स्थापना झाली. नाव घेतलं ते जोतीराव फुल्यांच्या सत्यशोधक समाजावरून. फुल्यांनी १८७३ मध्ये जे हिंदू समाजात केलं, म्हणजे धर्माच्या नावावर चालणाऱ्या अन्यायाला घरातूनच प्रश्न विचारणं, ते मुसलमानांत करायचं असा बेत. बरोबर माणसं होती ती साधी, कामगार, छोटे धंदेवाले. पुण्याचे सय्यदभाई त्यांतलेच. त्यांच्या बहिणीला नवऱ्याने तोंडी तलाक दिला होता, ते दुःख घेऊन हा कारखान्यात काम करणारा तरुण दलवाईंकडे आला आणि जन्मभर मंडळात राहिला. पुढे सय्यदभाईंनी आपल्या अनुभवांचं पुस्तक लिहिलं, त्याचं नाव ‘दगडावरची पेरणी’. कोरडवाहू शेतकऱ्याला या नावाचा अर्थ वेगळा सांगायला नको.

मंडळ निघून दीड महिना झाला नाही तोच ७ मे १९७० ला भिवंडी पेटली आणि दुसऱ्या दिवशी जळगाव. जळगाव शहरात चाळीसच्या वर माणसं मेली, त्यांत बहुतेक मुसलमान होते. भिवंडी, जळगाव आणि महाड या तिन्ही ठिकाणच्या दंगलींच्या चौकशीसाठी सरकारने न्यायमूर्ती मादन यांचा आयोग नेमला. जळगावातल्या जुन्या लोकांना ते दिवस अजून आठवतात, पण त्यावर बोलायला फारसं कुणी तयार नसतं.

दलवाईंच्या कामातली खरी अडचण इथे कळते. ज्याचं घर जळालं, ज्याचा माणूस गेला, त्याला जाऊन आपल्या समाजात सुधारणा करा असं कसं सांगायचं? तो म्हणणार, आधी जीव वाचवू, बाकी नंतर बघू. भीती वाटली की माणूस दार लावून घेतो, आणि बंद दाराआड बाईचं आणखी हाल होतं. दलवाईंचं म्हणणं असं की हिंदू जातीयवाद आणि मुस्लिम जातीयवाद एकमेकांना खतपाणी घालतात, म्हणून दोघांशी एकाच वेळी लढावं लागेल. हिंदुत्ववाद्यांवरही ते टीका करत. पण व्हायचं काय, की मुसलमानांवर केलेली त्यांची टीका काही हिंदू संघटना मोठ्या आनंदाने उचलून धरायच्या आणि स्वतःवरची टीका सोयीस्कर सोडून द्यायच्या. इकडे पुरोगामी म्हणवणारे कित्येक पुढारी मतांच्या हिशोबाने गप्प बसायचे. दोन्हीकडून कोंडी.

त्यांच्यावर आक्षेप होते आणि ते सगळेच खोटे नव्हते. दलवाई स्वतः धर्म पाळत नव्हते आणि ते लपवतही नव्हते. पैगंबरांबद्दल, कुराणाबद्दल ते चिकित्सा करून बोलत. नमाजी माणसाला ते टोचायचं. मशिदीत रोज जाणारा, पण लेकीच्या तलाकने पोळलेला बाप त्यांच्या बाजूचा होऊ शकला असता, तो या बोलण्याने लांब गेला. पुढे असगर अली इंजिनिअर यांनी कुराणाचाच आधार घेऊन बायकांच्या हक्कांची बाजू मांडली, ती वाट वेगळी होती. दलवाईंची भाषा थोडी मऊ असती तर माणसं जास्त जोडली गेली असती, हे म्हणायला जागा आहे. मात्र बाईच्या हक्काला धर्मग्रंथातून परवानगी शोधायची गरजच काय, ती नागरिक आहे एवढं पुरेसं नाही का, हा त्यांचा मुद्दा तेवढाच वजनदार होता. बहिष्कार, शिव्या, धमक्या, सभा उधळणं, सगळं झालं. ते थांबले नाहीत.

भाषेचा प्रश्नही त्यांनी काढला. महाराष्ट्रातल्या मुसलमान पोरांनी मराठीतून शिकावं, तरच नोकरीत आणि व्यवहारात पुढे येतील, असं त्यांचं मत. कोल्हापूरला मंडळाने मुस्लिम शिक्षण परिषद भरवली ती याचसाठी. खान्देशात यावल, रावेर, चोपड्याकडे सातपुड्याच्या पायथ्याला तडवी राहतात, ते मुसलमान आहेत आणि आदिवासीही आहेत. त्यांच्याकडे पाहिलं की मुसलमान म्हणजे उर्दू हे समीकरण किती तोकडं आहे ते समजतं. अर्थात धुळे, भुसावळच्या उर्दू शाळांत शिकून पुढे गेलेली पोरंही आहेत, हे विसरून चालणार नाही.

१९७१ मध्ये पुण्यात मुस्लिम महिला परिषद झाली. सात बायकांवरून सुरू झालेलं काम पाच वर्षांत परिषदेपर्यंत आलं. समोरची बाजूही जागी झाली. डिसेंबर १९७२ मध्ये मुंबईत व्यक्तिगत कायदा वाचवण्यासाठी मोठं अधिवेशन भरलं आणि एप्रिल १९७३ मध्ये हैदराबादेत मुस्लिम पर्सनल लॉ बोर्ड उभं राहिलं. माणसं, पैसा, मशिदींचं जाळं सगळं तिकडे. इकडे मूठभर कार्यकर्ते.

या सगळ्यात घर कसं चाललं? मेहरुन्निसांनी चालवलं. पुण्यातल्या उर्दू बोलणाऱ्या घरातली ही मुलगी. लग्न १९५६ चं. खादी ग्रामोद्योगच्या कचेरीत त्या नोकरी करत होत्या, त्या पगारावर दोन मुलींचा संसार उभा होता. नवरा गावोगाव फिरायचा, घरी आला तरी बरोबर चार पाहुणे. चळवळीच्या इतिहासात पुढाऱ्याचं नाव येतं, डबा करणारीचं येत नाही. मेहरुन्निसांनी मात्र आपलं आत्मचरित्र लिहून ठेवलं, ‘मी भरून पावले आहे’. आणि त्या नुसत्या डबा करणाऱ्या नव्हत्या, त्या सातांमधल्या एक होत्या.

दलवाईंचं शरीर लवकर थकलं. दोन्ही मूत्रपिंडं निकामी झाली. मुंबईला जसलोक रुग्णालयात उपचार चालले, मित्रांनी धावपळ केली. ३ मे १९७७ रोजी मुंबईत ते गेले. वय ४४. कसलाही धार्मिक विधी करू नका असं त्यांनी सांगून ठेवलं होतं, त्याप्रमाणे चंदनवाडीच्या स्मशानभूमीत दहन झालं. मुसलमान माणसाचं दहन! त्यावरही वाद झाला.

मेहरुन्निसा आणि मंडळाने काम सोडलं नाही. १९८५ मध्ये शाहबानोच्या खटल्यात सुप्रीम कोर्टाने तलाक दिलेल्या मुसलमान बाईला पोटगी दिली, तेव्हा देशभर गदारोळ उठला. त्याच साली मंडळाने कोल्हापूरहून नागपूरकडे तलाकमुक्ती मोर्चा काढला. तलाक मिळालेल्या बायका स्वतः गावोगाव उभं राहून बोलल्या. दिल्लीतल्या सरकारने मात्र १९८६ मध्ये नवा कायदा करून कोर्टाचा निकाल बाजूला सारला. केलेल्या पेरणीवर गारपीट झाली म्हणायची.

२२ ऑगस्ट २०१७ ला सुप्रीम कोर्टाने एका दमात दिलेला तीन तलाक रद्दबातल ठरवला. कोर्टात गेलेल्यांमध्ये उत्तराखंडच्या शायराबानो आणि आणखी चार बायका होत्या. त्याच वर्षी ८ जूनला मेहरुन्निसा दलवाई गेल्या. निकाल त्यांना ऐकायला मिळाला नाही, अडीच महिने कमी पडले. सय्यदभाईंनी तो ऐकला. २०२० मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली, २०२२ मध्ये तेही गेले.

२०१९ च्या कायद्याने असा तलाक देणाऱ्या नवऱ्याला तीन वर्षांपर्यंत तुरुंगवास ठेवला. यावर मुसलमान बायकांमध्येच दोन मतं आहेत. तुरुंगात बसलेला नवरा पोटगी कुठून देणार, हा प्रश्न विचारणाऱ्या बायका तलाकच्या बाजूच्या नाहीत. बहुपत्नीत्व अजून कायद्यात आहेच, समान नागरी कायद्यावर भांडण चालूच आहे, आणि त्यात बाईपेक्षा मतांचाच हिशोब जास्त दिसतो. पोटगीचा वाद १० जुलै २०२४ ला पुन्हा सुप्रीम कोर्टात निकाली निघाला. तलाक मिळालेली मुसलमान बाईसुद्धा जुन्या फौजदारी कायद्याच्या १२५ कलमाखाली इतर बायकांप्रमाणे पोटगी मागू शकते, असं कोर्टाने सांगितलं. हे अर्ज तालुक्याच्या कोर्टात होतात, त्यासाठी मुंबई-दिल्लीला जावं लागत नाही.