लफड्याच्या बातम्या गाजल्या, पण बेलिंडा लीचा खरा अभिनय बघायचाच राहिला

१९५८ च्या जानेवारीत युरोपातल्या पेपरवाल्यांना चमचमीत विषय मिळाला. २२ वर्षांची विवाहित इंग्लिश नटी, रोमचा विवाहित राजपुत्र आणि दोघांनीही केलेला आत्महत्येचा प्रयत्न.

ती नटी म्हणजे बेलिंडा ली. पुढच्या तीन वर्षांत ती जगातूनच गेली आणि लोकांच्या लक्षात राहिलं ते हेच प्रकरण. पण तिची गोष्ट एवढीच नाही.

बेलिंडाचा जन्म १५ जून १९३५ चा, इंग्लंडमधल्या डेव्हनचा. लंडनच्या राडा या नामांकित नाट्यसंस्थेत ती अभिनय शिकली. १९५४ मध्ये 'द रनअवे बस' या विनोदी सिनेमातून ती पडद्यावर आली. मग रँक या बड्या ब्रिटिश कंपनीनं तिच्याशी करार केला. त्याच वर्षी फोटोग्राफर कॉर्नेल ल्युकस यांच्याशी तिचं लग्नही झालं.

पण कंपनीला दिसला तो फक्त तिचा चेहरा. नॉर्मन विस्डम, बेनी हिल अशा विनोदवीरांच्या सिनेमात सोनेरी केसांची देखणी पोरगी, एवढंच तिचं काम. १९५७ च्या 'द सीक्रेट प्लेस' या हिरेचोरीच्या सिनेमात मात्र तिनं अभिनयाची चुणूक दाखवली.

आता आपलं बस्तान बसणार असं वाटत असतानाच दक्षिण आफ्रिकेतलं शूटिंग अर्धवट सोडून ती रोमला गेली, फिलिपो ओर्सिनी या राजपुत्राला भेटायला. त्यानंतर जे झालं ते सगळ्या जगानं वाचलं. ओर्सिनी घराण्याकडे पिढ्यानपिढ्या असलेला पोपच्या दरबारातला मान गेला. बेलिंडाचा संसार मोडला आणि इंग्लंडमधलं करिअरही संपलं.

मग तिनं इटलीतच काम शोधलं. तिथंही सुरुवातीला अफ्रोडाइटी, मेसालिना अशा भरजरी पौराणिक-ऐतिहासिक भूमिकाच आल्या. पण १९५९ मध्ये फ्रान्चेस्को रोझी यांनी तिला 'इ माल्यारी' मध्ये घेतलं आणि १९६० मध्ये आला फ्लोरेस्तानो वान्चिनी यांचा 'ला लुंगा नोत्ते देल ४३'.

युद्धकाळातलं फेरारा शहर. अपंग औषधविक्रेत्याची बायको जुन्या प्रियकरात गुंतते आणि त्याच काळात घराखालच्या रस्त्यावर फॅसिस्ट लोक नागरिकांना भिंतीशी उभं करून गोळ्या घालतात. ही बायको बेलिंडानं साकारली. इथं भरजरी कपडे नव्हते, होती ती एक घुसमटलेली बाई. व्हेनिस महोत्सवात या सिनेमाला पदार्पणातल्या सर्वोत्तम सिनेमाचा पुरस्कार मिळाला.

आता कुठं वाट सापडली होती. पण १२ मार्च १९६१ रोजी कॅलिफोर्नियात तिची गाडी उलटली. सोबत असलेले दिग्दर्शक ग्वाल्तिएरो याकोपेत्ती वाचले, बेलिंडा मात्र गेली. वय होतं फक्त २५.

तिच्या अस्थी रोममध्ये विसावल्या. जगानं तिला लफड्यावरून ओळखलं, पण तिला खरंच ओळखायचं असेल तर फेराऱ्यातली ती रात्र एकदा बघाच.