पालवणकर बाळू : एका गोलंदाजाचे चरित्र

शिरूर किंवा दौंडहून पुण्यास येताना तुमच्यापैकी अनेकांनी लष्कर भाग पाहिला असेल. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस याच भागातील क्रिकेटच्या मैदानांवर एक चर्मकार समाजातील मुलगा मजुरी करीत होता. ते म्हणजे पालवणकर बाळू. त्यांचा जन्म १८७६ साली धारवाडास झाला.

पारशी मंडळींच्या मैदानावर झाडलोट व खेळपट्टीची निगा यांसाठी त्यांना महिना ३ रुपये मिळत. पुढे युरोपीयांच्या पूना क्लबात ४ रुपये मिळू लागले. तेथे ते साहेबांना सरावासाठी चेंडू टाकीत. ग्रेग नावाचे नामवंत फलंदाज त्यांच्या डावखुऱ्या फिरकीवर तासन्‌तास सराव करीत. बाळूंच्या हाती बॅट मात्र कोणी दिली नाही. फलंदाजी हे साहेबांचे काम आणि गोलंदाजी हे नोकराचे, ही विभागणी तुम्ही ध्यानात घ्या. पुढील साऱ्या चरित्राचे मूळ तेथे आहे.

साहेबांना बाद करणारा हा गोलंदाज पुण्याच्या हिंदू संघास हवाच होता. त्याला संघात घेतले, पण चहाच्या वेळी तो मंडपाबाहेर, मातीच्या वेगळ्या भांड्यात! मैदानावर ज्या चेंडूला सर्वांचे हात लागत, त्याचा विटाळ कसा होत नसे, हे कोडे त्या काळच्या धर्मशास्त्र्यांनी सोडविलेले दिसत नाही.

१८९६ च्या सुमारास ते मुंबईस गेले आणि रेल्वे कंपनीच्या नोकरीत राहून खेळू लागले. १९०६ मध्ये हिंदूंनी युरोपीय संघाचा १०९ धावांनी पराभव केला, त्यात त्यांचा मोठा वाटा होता. १९११ च्या इंग्लंड दौऱ्यात भारतीय संघ बहुतेक सामने हरला. बाळूंनी मात्र १०० हून अधिक बळी घेतले. तेव्हा त्यांचे वय पस्तीस होते.

एवढे असूनही हिंदू संघाचे नेतृत्व त्यांना कधी मिळाले नाही. ते डावलले जाण्याचे कारण जात होते, यात शंका घेण्यास जागा नाही. त्यांचे बंधू शिवराम, गणपत व विठ्ठल हेही उत्तम खेळाडू होते. १९२० मध्ये या भावंडांनी अन्यायाविरुद्ध जाहीर निषेध केला, आणि अखेर १९२३ साली विठ्ठल कर्णधार झाले.

तरुण आंबेडकरांना बाळूंचा अभिमान वाटे. पण १९३२ च्या पुणे कराराच्या काळात दोघांची मते भिन्न झाली, आणि १९३७ च्या मुंबई विधिमंडळ निवडणुकीत काँग्रेसने बाळूंना थेट बाबासाहेबांसमोर उभे केले. सुमारे २,००० मतांनी बाळू हरले. १९५५ साली मुंबईत त्यांचे निधन झाले.