कुमारी नेटी स्टीव्हन्स

घरांत एकामागून एक मुली झाल्या म्हणजे त्याचा दोष सुनेच्या माथीं मारण्याची चाल आपल्याकडे फार जुनी आहे. ह्या एका कारणावरून कित्येक सुनांनीं जन्मभर टोमणे सोसले, कित्येकींच्या उरावर सवत आली. हा दोष त्यांचा नव्हे, हें दाखविणारा पहिला स्पष्ट पुरावा कोणीं पुढें आणला, हें मात्र थोड्यांनाच ठाऊक असतें. एका सुताराच्या मुलीनें सूक्ष्मदर्शक यंत्राखालीं पिठांतले किडे तपासून हें कोडें उलगडलें. तिचें नांव नेटी मारिया स्टीव्हन्स.

नेटीचा जन्म ता. ७ जुलै १८६१ रोजीं अमेरिकेंतील व्हरमाँट राज्यांत कॅव्हेंडिश ह्या गांवीं झाला. तिची आई ती लहान असतांनाच वारली. वडिलांनीं दुसरा विवाह केला व हें कुटुंब मॅसॅच्युसेट्समधील वेस्टफर्ड येथें जाऊन राहिलें. त्या काळीं हुशार मुलीस शिक्षिकेच्या पेशाखेरीज फारसा मार्ग मोकळा नव्हता. नेटीनेंही १८८० सालीं शाळा संपविली व ती शिक्षिका झाली. लॅटिन, गणित, प्राणिशास्त्र असे नाना विषय तिनें शिकविले. मध्यंतरीं वेस्टफील्ड येथील अध्यापनशाळेचा चार वर्षांचा अभ्यासक्रम तिनें दोनच वर्षांत पुरा केला. पगारांतून थोडें थोडें शिल्लक टाकावें व पुढील शिक्षणाची वाट पाहावी, असा तिचा क्रम कित्येक वर्षें चालला.

अखेर वयाला पस्तीस वर्षें पूर्ण झाल्यावर, इ. स. १८९६ मध्यें, ती कॅलिफोर्नियांतील स्टॅनफर्ड विद्यापीठांत दाखल झाली. ज्या वयांत इतर लोक संसारांत व नोकरींत स्थिर होतात, त्या वयांत ती आपल्याहून कितीतरी लहान मुलांच्या रांगेंत विद्यार्थिनी म्हणून बसली! १८९९ सालीं तिला पदवी मिळाली व पुढील वर्षीं ती एम्. ए. झाली. त्यानंतर पेन्सिल्व्हेनियांतील ब्रिन मॉर ह्या स्त्रियांच्या महाविद्यालयांत तिनें संशोधनास आरंभ केला. तेथून तिला इटलींतील नेपल्स व जर्मनींतील वुर्झबुर्ग येथें जाऊन अभ्यास करण्याची संधि मिळाली. वुर्झबुर्गला थिओडोर बोवेरी ह्या विख्यात शास्त्रज्ञाच्या हाताखालीं तिनें काम केलें. १९०३ सालीं ती डॉक्टर झाली. तरीही चरितार्थाची विवंचना सुटली नव्हती. वॉशिंग्टन येथील कार्नेगी संस्थेनें १९०४ मध्यें साहाय्य दिलें, तेव्हां कोठें तिला निश्चिंतपणें संशोधन करतां येऊं लागलें.

अपत्य मुलगा होणार कीं मुलगी, हें कशावरून ठरतें? हा प्रश्न फार प्राचीन आहे. त्या वेळीं कित्येक विद्वान असें मानीत कीं, वाढीच्या काळांतील अन्न, उष्णता इत्यादि बाह्य गोष्टींवर तें अवलंबून असतें. स्टीव्हन्सबाईंनीं पिठांत वाढणारा टेनेब्रिओ नांवाचा किडा परीक्षेसाठीं घेतला. प्राण्याच्या प्रत्येक पेशींत गुणसूत्रें नांवाचे सूक्ष्म तंतू असतात. बाईंनीं ते मोजले. मादीच्या पेशींत वीस मोठीं गुणसूत्रें आढळलीं. नराच्या पेशींत एकोणीस मोठीं व एक अगदीं लहान आढळलें. पुढें त्यांस असें दिसलें कीं, मादीच्या सर्व बीजांत दहा मोठीं गुणसूत्रें असतात. पण नराच्या निम्म्या बीजांत दहा मोठीं, तर निम्म्या बीजांत नऊ मोठीं व एक लहान असतें. पहिल्या प्रकारच्या नरबीजाचा मादीच्या बीजाशीं संयोग झाला तर मादी जन्मते, दुसऱ्या प्रकारच्या बीजाचा झाला तर नर. म्हणजे मातेचें बीज दोन्ही वेळीं सारखेंच. भेद काय तो पित्याच्या बीजांत!

हा निबंध १९०५ सालीं प्रसिद्ध झाला. त्याच सुमारास एडमंड विल्सन हेही स्वतंत्रपणें अशाच निष्कर्षाप्रत आले होते. परंतु बाह्य परिस्थितीचाही कांहीं परिणाम होत असावा, असें त्यांस अद्याप वाटत होतें. स्टीव्हन्सबाईंचें मत अधिक निश्चित होतें. त्यांना त्याच वर्षीं स्त्रियांच्या उत्कृष्ट शास्त्रीय निबंधासाठीं ठेवलेलें एक हजार डॉलरचें एलेन रिचर्ड्स पारितोषिक मिळालें. तथापि पुष्कळ विद्वानांस हें मत पटलें नाहीं. बाईंनीं वादविवादांत वेळ दवडला नाहीं. एकामागून एक अनेक जातींचे भुंगेरे व माश्या त्यांनीं तपासल्या आणि पुराव्यांत भर घातली.

ब्रिन मॉर येथें त्यांच्यासाठीं संशोधनाचें खास प्राध्यापकपद निर्माण करण्यांत आलें. परंतु तें स्वीकारण्याचें त्यांच्या नशिबीं नव्हतें. कर्करोगानें ता. ४ मे १९१२ रोजीं बाल्टिमोर येथील रुग्णालयांत त्यांचें देहावसान झालें. त्या वेळीं त्यांचें वय अवघें पन्नास वर्षांचें होतें. संशोधनासाठीं त्यांना जेमतेम एक तप लाभलें. तेवढ्यांत त्यांनीं सुमारें चाळीस निबंध लिहिले. त्यांचे ब्रिन मॉर येथील अध्यापक थॉमस मॉर्गन ह्यांचा ह्या मतावर आरंभीं विश्वास नव्हता. पुढें गुणसूत्रांवरील कार्याबद्दलच त्यांस १९३३ सालीं नोबेल पारितोषिक मिळालें. पाठ्यपुस्तकांत मात्र बाईंचें नांव दीर्घकाळ क्वचितच आढळे.

मनुष्यमात्रांतही हाच प्रकार आहे. पित्याकडून येणाऱ्या लहान गुणसूत्रावर पुत्रजन्म अवलंबून असतो, हें १९५९ सालीं निश्चित झालें. ह्यांत पित्याचाही दोष नाहीं. कोणतें बीज पुढें जावें, हें कोणाच्या इच्छेवर नसतें. मग सुनेस बोल लावणें हा केवढा अन्याय! विद्यार्थी मित्रांनो, हें पुस्तकांत वाचून परीक्षेपुरतें लक्षांत ठेवूं नका. घरीं वडील मंडळींस समजावून सांगा. आणि एखाद्यास शिक्षणाला उशीर झाला असें वाटत असेल, तर त्यानें पस्तिशीनंतर विद्यापीठांत पाऊल टाकणाऱ्या ह्या शिक्षिकेची आठवण करावी.